मूकपटातलं झोपडं

मूकपट म्हटलं की आपल्याला आधी देवादिकांचे सिनेमे आठवतात, आणि त्याला कारण आहे. ३ मे १९१३ ला गिरगावातल्या कोरोनेशन थेटरात फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' लागला तेव्हा पडद्यावर आवाज नव्हता, मधेमधे पाट्या यायच्या त्या इंग्रजी आणि हिंदीत, आणि बहुतेक पब्लिकला वाचता येत नव्हतं. पण हरिश्चंद्राची गोष्ट लहानपणापासून ऐकलेली, त्यामुळे कुणाचं काही अडलं नाही. तारामतीचं काम अण्णा साळुंकेंनी केलं, कारण बाई मिळेना.

पण मला खरं सांगायचंय ते कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांबद्दल. नाटक कंपन्यांचे पडदे रंगवणारा माणूस, मावसभाऊ म्हणा चुलतभाऊ म्हणा, अगदी भावासारखे असलेले आनंदराव १९१६ मध्ये गेले तरी स्वतःचा कॅमेरा बनवायचा दोघांचा नाद सोडला नाही आणि सहकारी दामल्यांना हाताशी धरून तो कोल्हापुरातच बनवला! गायिका तानीबाई कागलकरांनी पैसे दिले, महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली, १९२० मध्ये 'सैरंध्री' आला आणि त्यात बायकांची कामं बायकांनीच केली. कीचकवध इतका खरा वाटला की सरकारने तो सीन कापायला लावला. टिळकांनी बाबूरावांना 'सिनेमा केसरी' म्हटलं ते याच काळात.

आणि मग १९२५, 'सावकारी पाश'. कादंबरीकार ना. ह. आपट्यांची कथा. यात देव नाही, राजा नाही, एक शेतकरी आहे ज्याची जमीन सावकार गिळतो आणि तो मुंबईला गिरणीत राबायला जातो. तरुण शेतकरी म्हणजे व्ही. शांताराम! विचार करा, ही गोष्ट प्रेक्षकाला आधीपासून माहीत नव्हती, गाणं नाही, संवाद नाही, सगळं चेहऱ्यावर आणि उजेड-अंधारावर तोलायचं. माझ्या मते फाळक्यांनंतरची सगळ्यात मोठी उडी हीच.

पिक्चर फारसा चालला नाही. १९३१ मध्ये आपला पहिला बोलपट 'आलम आरा' आला, मूकपट मागे पडले, आणि झटकन पेटणाऱ्या नायट्रेटच्या फिल्म जळून, सडून गेल्या, साधारण तेराशे मूकपटांतले मोजकेच उरले. 'सावकारी पाश'ची प्रिंट आज नाही. १९३६ मध्ये बाबूरावांनी तो पुन्हा बोलका केला, पण चित्रपट निर्माते जे. बी. एच. वाडियांच्या आठवणीत राहिला तो मुकाच: अंधारात बुडालेलं एक झोपडं आणि बाहेर विव्हळणारं कुत्रं, ज्याचा आवाज थेटरात कधी आलाच नव्हता.