पाचगणीच्या हवेने नक्की कोणाला वाचवलं?

वाई सोडून पसरणीच्या घाटाला लागलं की प्लॉटविक्रीचे फलक सुरू होतात. 'शुद्ध ऑक्सिजनच्या सान्निध्यात तुमचं दुसरं घर' अशा अर्थाचं काहीतरी त्यांवर हमखास लिहिलेलं असतं. हवेत ऑक्सिजन सुमारे २१ टक्के असतो हे आपण शाळेत शिकलो. ते प्रमाण सांगलीतही तेवढंच आणि पाचगणीच्या टेबललँड पठारावरही तेवढंच. फरक पडतो तो दाबात. पाचगणी समुद्रसपाटीपासून साधारण १३०० मीटर उंच. तिथे हवा विरळ, त्यामुळे एका श्वासाबरोबर आत जाणारा ऑक्सिजन मुंबईच्या मानाने १४ टक्क्यांच्या आसपास कमीच भरतो. सिल्व्हर ओकची कितीही झाडं लावली तरी त्यांनी सोडलेला ऑक्सिजन वाऱ्यात मिसळून जातो, प्लॉटच्या कुंपणात साठून राहत नाही. थोडक्यात, पैसे जास्त आणि ऑक्सिजन कमी असा हा सौदा आहे. हवा स्वच्छ आणि थंड आहे, ते खरं, आणि त्यासाठी कोणी पैसे मोजले तर माझी हरकत नाही.

पण पाचगणीची हवा औषधी असते हा समज जाहिरातवाल्यांनी काढलेला नाही. तो शंभर वर्षांहून जुना आहे आणि त्याच्यामागे क्षयरोग आहे. डॉ. रुस्तमजी बिलिमोरिया यांनी १९१२ साली पाचगणीत क्षयरोग्यांसाठी सॅनेटोरियम, म्हणजे मोकळ्या हवेत ठेवून उपचार करायचं रुग्णालय काढलं, तेच पुढे रेडक्रॉसकडे गेलेलं बेल-एअर हॉस्पिटल. महाबळेश्वर जवळच, पण तिथला पाऊस रोग्याला सोसवणारा नाही. पाचगणीत तो निम्म्याहूनही कमी. इकडे मिरजेत अमेरिकन प्रेस्बिटेरियन मिशनचे डॉ. विल्यम वॉन्लेस यांनी १८९४ मध्ये हॉस्पिटल सुरू केलं आणि शस्त्रक्रियेसाठी कर्नाटकापासून माणसं मिरजेला येऊ लागली. क्षयरोग्यांना मात्र गावातल्या वॉर्डात ठेवणं सोयीचं नव्हतं. सांगली-मिरज रस्त्यावर त्यांच्यासाठी वेगळं सॅनेटोरियम उभं राहिलं, तीच आजची वानलेसवाडी. तेव्हा तो सगळा मोकळा माळ होता. आता तिथून रिक्षा मिळायला पाच मिनिटं लागत नाहीत.

सॅनेटोरियमचा कार्यक्रम जगभर सारखाच. खाटा व्हरांड्यात ओढायच्या, दिवसभर पडून राहायचं, दूध-अंडी खायची आणि थुंकी झाकणाच्या भांड्यात टाकायची. रॉबर्ट कॉख यांनी १८८२ मध्ये क्षयाचा जंतू दाखवला होता, पण त्याच्यावर औषध नव्हतं. ते यायला १९४० चं दशक उजाडावं लागलं. मधल्या काळात डॉक्टर बरगड्यांमधून सुई घालून छातीत हवा सोडत आणि आजारी फुप्फुस मुद्दाम मिटवत. गंमत पाहा, या जंतूला भरपूर ऑक्सिजन लागतो, म्हणूनच तो बहुधा फुप्फुसाच्या वरच्या टोकाला ठाण मांडतो. 'जास्त ऑक्सिजन म्हणजे क्षय बरा' हे तर्कालाही धरून नाही.

मग मोकळ्या हवेचा उपयोग काय झाला? माझं म्हणणं असं की तो रोग्यापेक्षा त्याच्या शेजारच्या खाटेवरच्या माणसाला, नर्सला आणि झाडूवाल्याला जास्त झाला. यामागचं गणित मला फार आवडतं, म्हणून ते जरा सविस्तर सांगतो.

खोकल्यातून थेंब उडतात. मोठे थेंब मीटर-दोन मीटरवर खाली पडतात. बारीक थेंब मात्र पडण्याआधीच सुकतात आणि त्यांचा एक ते पाच मायक्रॉनचा (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) कण उरतो. तो तासन्‌तास तरंगतो आणि थेट फुप्फुसातल्या श्वासनलिकांच्या टोकाशी असलेल्या वायुकोशांपर्यंत जाण्याइतका लहान असतो. अमेरिकन शास्त्रज्ञ विल्यम वेल्स यांनी १९३० च्या दशकात ही कल्पना मांडली, पण लोकांना पटेना. मग रिचर्ड रायली यांनी बाल्टिमोरमध्ये क्षयरोग्यांच्या सहा खाटांच्या वॉर्डातली हवा नळीने वर नेऊन गिनीपिगांच्या पिंजऱ्यांत सोडली. रोगी खाली, प्राणी वर, दोघांत संबंध फक्त हवेचा. तरी गिनीपिगांना क्षय झाला. प्रश्न तिथे मिटला.

आता खोलीतले हे कण बाहेर कसे जातात? खोलीच्या आकारमानाएवढी ताजी हवा आत आली की एक 'हवाबदल' झाला असं धरतात. पण एका हवाबदलात सगळी जुनी हवा जात नाही. रंगीत पाण्याने भरलेल्या बादलीत नळ सोडला तर काठावरून सांडणाऱ्या पाण्यात नवं पाणीही असतंच, तसंच हे. एका हवाबदलानंतर ३७ टक्के कण उरतात, दुसऱ्यानंतर साधारण १४ आणि तिसऱ्यानंतर ५.

पेरूच्या लिमा शहरातल्या हॉस्पिटलांमध्ये संशोधकांनी हे प्रत्यक्ष मोजलं, २००७ मध्ये ते प्रसिद्ध झालं. दारं-खिडक्या उघड्या असताना तासाला २८ हवाबदल होत होते. बंद केल्यावर दीडच. क्षयरोग्यांच्या खोलीत यंत्राने हवा खेळवायची तर शिफारस आहे १२ ची. म्हणजे कण पाच टक्क्यांवर यायला बंद खोलीत दोन तास, यंत्राच्या खोलीत पंधरा मिनिटं आणि उघड्या खिडक्यांच्या खोलीत सहा-सात मिनिटं. त्यातही १९५० पूर्वी बांधलेल्या उंच छताच्या, मोठ्या खिडक्यांच्या वॉर्डांत ४० हवाबदल होत, नव्या इमारतींत १७.

इथे उंच छताचं कौतुक जरा जपून करायला हवं. रोगी सतत खोकत असेल तर काही वेळाने हवेतल्या कणांचं प्रमाण एका पातळीवर स्थिरावतं. ती पातळी ठरते दोनच गोष्टींवर: तासाला किती कण सुटतात आणि तासाला किती घनमीटर ताजी हवा येते. खोलीचं आकारमान त्या समीकरणात येतच नाही! मोठी खोली फक्त ती पातळी गाठायला उशीर लावते. उंच छताचा खरा फायदा असा की खिडकीच्या वर आणखी एक झडप बसवता येते. माणसांच्या अंगाने तापलेली हवा वर जाते, झडपेतून निघून जाते आणि खालच्या खिडकीतून नवी ओढली जाते. वारा पडलेला असला तरी हे चालू राहतं. जुन्या दवाखान्यांत दोरी ओढून उघडायच्या या झडपा अजून दिसतात. बहुतेकींवर ऑइलपेंटचे इतके थर चढलेत की त्या आता भिंतीचाच भाग झाल्या आहेत, आणि दोरी कधीच तुटलेली असते.

सॅनेटोरियमांचा शेवट मद्रासमध्ये झाला म्हणायला हरकत नाही. १९५६ मध्ये तिथे सुरू झालेल्या क्षयरोगावरच्या औषधोपचारांच्या संशोधन केंद्राने १९३ रोग्यांचे चिठ्ठ्या टाकल्यासारखे दोन गट केले. एक गट सॅनेटोरियममध्ये, दुसरा आपापल्या घरी, म्हणजे दाटीच्या, गरीब वस्तीत. औषधं दोघांना तीच. घरच्या रोग्यांना ना विश्रांती ना दूध-अंडी, तरी वर्षाअखेर निकाल जवळजवळ सारखे. घरच्यांना जास्त लागण झाली असंही नाही, कारण जी व्हायची ती बहुतेक निदानाआधीच झालेली असते आणि औषध सुरू झालं की रोग्याची लागण करण्याची ताकद झपाट्याने उतरते. १९५९ मध्ये हे छापून आलं आणि खाटा रिकाम्या होऊ लागल्या. दूध-अंडी मात्र अगदीच वाया जात नव्हती. झारखंडमधल्या मोठ्या अभ्यासात, २०२३ मध्ये, रोग्याच्या घरच्यांना नीट आहार दिल्यावर त्यांच्यातलं क्षयाचं प्रमाण ३९ टक्क्यांनी घटलेलं दिसलं.

आपल्याकडे अजून काय चालतं? घरात क्षय निघाला की आधी ताटवाटी वेगळी होते. मुलीचं लग्न ठरायचं असेल तर आजाराचं नावच काढायचं नाही, आणि कुठून तरी अंगारा येतो. ताटवाटीतून क्षय पसरत नाही. पण वेगळ्या ताटात जेवलेला रोगी रात्री त्याच बंद खोलीत चार जणांबरोबर झोपतो, कारण 'गार वारा लागेल' म्हणून खिडकी लावलेली असते. अंगाऱ्याला हसणारे आपण शहरी लोकही वेगळं काय करतो? खाली ओढलेलं फॉल्स सीलिंग, काचा सील केलेल्या, वेटिंग रूममध्ये वीस माणसं आणि भिंतीवर स्प्लिट एसी. बाहेरची हवा आत आणणं हे स्प्लिट एसीचं कामच नाही. तो आतलीच हवा थंड करून परत तोंडावर सोडतो. ओपीडीत ज्याचं निदान अजून झालेलं नाही असा एक खोकणारा पुरेसा असतो.

हे तपासायला प्रयोगशाळा लागत नाही. कार्बन डायऑक्साइड मोजणारं खिशात मावणारं यंत्र आता ऑनलाइन मिळतं. बाहेरच्या हवेत तो दहा लाखांत ४२० भागांच्या आसपास असतो आणि आपल्या उच्छ्वासात सुमारे ४०,०००. वेटिंग रूममध्ये यंत्राने २००० दाखवलं तर वरचे सोळाशे भाग माणसांच्या फुप्फुसातून आलेले, म्हणजे तिथल्या हवेचा साधारण चार टक्के भाग आधीच कोणीतरी घेऊन सोडलेला आहे. अशा वेळी खिडकी उघडावी. एक उघडून भागत नाही, समोरासमोरच्या दोन उघडाव्या लागतात, आणि यंत्रावरचा आकडा काही मिनिटांत खाली येताना दिसतो.