जीआय पत्र्याची कापलेली कड

जीआय, म्हणजे जस्ताचा मुलामा दिलेला पोलादी पत्रा कापला की कडेला आतलं पोलाद उघडं पडतं, कारण जस्ताचा थर वरून आणि खालून असतो, जाडीत नसतोच. मुलाम्याची ‘झेड २७५’ ही प्रत म्हणजे दोन्ही बाजू मिळून चौरस मीटरला २७५ ग्रॅम जस्त, एका बाजूला जेमतेम २० मायक्रॉन. एवढ्याशा थरावर कड कशी टिकते? तर जस्त लोखंडापेक्षा जास्त क्रियाशील असतं, आणि पाण्याच्या थेंबात दोघं एकत्र आले की जस्त स्वतः झिजून शेजारचं लोखंड वाचवतं. पण हा पल्ला एक-दोन मिलिमीटरचाच, म्हणून छपराच्या पातळ पत्र्याची कड बऱ्यापैकी तग धरते आणि जाड प्लेटची कड मधोमध लाल पडते.

खरा घोळ कापण्यात होतो. कोल्हापुरात उद्यमनगर असो की शिरोली एमआयडीसी, घाई असली की कात्री बाजूला आणि ग्राइंडर हातात. ग्राइंडरनं कडेचं जस्त जळतं, शिवाय ठिणग्या म्हणजे लोखंडाचे तापलेले कण, ते पत्र्यावर चिकटतात आणि एका पावसात सगळीकडं तांबडे ठिपके उठतात, मग गिऱ्हाईक म्हणतंय पत्रा डुप्लिकेट दिला! पत्र्याची कात्री किंवा शिअरिंग मशीन बरं, पातं धारदार असेल तर जस्त थोडं कडेवर ओढलं पण जातं. ग्राइंडरच मारायचा असेल तर निदान पत्रा छपरावरून खाली उतरवून मारा आणि कीस लगेच झाडा.

कापल्यावर कड घासून, तेल पुसून, कोरडी करून झिंक रिच पेंट मारतात. नुसता चंदेरी ॲल्युमिनियम पेंट मारून भागत नाही, दिसायला सारखाच असला तरी त्यात जस्ताची पूड नसते. गॅल्व्हॅल्यूमच्या, म्हणजे ॲल्युमिनियम-जस्ताचा मिश्र मुलामा दिलेल्या पत्र्याच्या थरात ५५ टक्के ॲल्युमिनियम असतं, तो उघड्यावर जास्त वर्षं टिकतो पण कापलेली कड सांभाळण्यात साध्या जीआयपेक्षा कमीच पडतो. कलर कोटेड पत्र्यात कडेपासून रंग सुटत आत सरकतो.

गगनबावडा, राधानगरीकडं पाऊस दिवसेंदिवस उघडत नाही, तिथं रंगापेक्षा उतार महत्त्वाचा. पत्र्यावर पत्रा चढतो त्या सांध्यात पाणी अडून राहतं आणि वळचणीच्या कडेला पालापाचोळा साचला की ती वाळतच नाही, मग जस्त भराभर संपतं. शेडमध्ये एकावर एक रचलेले ओले पत्रे तर लावायच्या आधीच पांढऱ्या गंजानं, म्हणजे जस्तावरच चढणाऱ्या पांढऱ्या भुकटीनं खराब होतात, तेव्हा थप्पी एका बाजूनं उचलून, कलती ठेवायची.