जादूचे चिन्ह (कल्पित विश्वातील)

जादूचे चिन्ह म्हणजे काढल्याने, कोरल्याने किंवा अंगावर बाळगल्याने प्रत्यक्ष काहीतरी घडवून आणणारी आकृती. फँटसीच्या जगात ती दार बंद राखते, पिशाच्च कोंडते, वाटसरूला रस्ता दाखवते. झेंड्यावरचे बोधचिन्ह ओळख सांगून थांबते, जादूचे चिन्ह मात्र काम करते. आकृती दोघांची अगदी एकसारखी असू शकते. फरक असतो तो त्या जगाने तिला घालून दिलेल्या नियमात. ती कोणी काढायची, कशावर, कधी, आणि कुठे चूक झाली तर काय होते, हे वाचकाला कळले की साधी रेघही धाक दाखवू लागते.

मराठी वाचकाला हे लक्ष्मणरेषेमुळे लहानपणापासून ठाऊक असते. बाहेरच्याला ती रेषा ओलांडता येत नाही, आतल्याला येते. वाल्मीकी रामायणात हा प्रसंग नाही, तो नंतरच्या परंपरेतला. तरीही तो इतका पक्का रुजला, याचे कारण मला त्या एकतर्फी नियमातच दिसते. सगळे कथानक त्या एका अटीवर फिरते.

युरोपीय परंपरेत पंचकोनी ताऱ्याइतके काम दुसऱ्या कुठल्याच आकृतीने केलेले नाही. हा तारा लेखणी न उचलता एकाच रेघेत पुरा होतो आणि जिथून सुरुवात केली तिथेच येऊन मिळतो. नियमित ताऱ्याचे प्रत्येक टोक ३६ अंशांचे असते. चौदाव्या शतकातल्या ‘सर गवेन अँड द ग्रीन नाइट’ या इंग्रजी काव्यात नायकाच्या लाल ढालीवर तो सोनेरी रंगात आहे. कवी त्याला ‘अंत नसलेली गाठ’ म्हणतो आणि पाचाचे पाच गट उलगडून दाखवतो : पंचेंद्रिये, पाच बोटे, ख्रिस्ताच्या पाच जखमा, मेरीचे पाच आनंद आणि सरदाराचे पाच सद्गुण. एक सद्गुण ढळला तर सगळी गाठच सुटते, आणि पुढची कथा नेमकी याच जागी गवेनची परीक्षा घेते.

या ताऱ्याचा सर्वांत बारकाईने केलेला वापर जर्मन कवी गटेच्या ‘फाउस्ट’ या नाटकाच्या पहिल्या भागात (१८०८) सापडतो. फाउस्टच्या खोलीच्या उंबरठ्यावर पंचकोनी तारा काढलेला आहे. सैतानाचा दूत मेफिस्टोफेलिस काळ्या पूडल कुत्र्याच्या रूपात आत येतो, आणि निघायची वेळ झाल्यावर अडकतो. तारा नीट निरखला तर बाहेरच्या बाजूचा एक कोन किंचित उघडा राहिलेला दिसतो. त्या फटीमुळे त्याला आत येता आले, पण आतल्या बाजूची टोके शाबूत असल्याने बाहेर पडता येत नाही. खिडकीतून का जात नाहीस, असे फाउस्ट विचारतो. भुते जिथून शिरली तिथूनच त्यांना बाहेर पडावे लागते, हा त्यांचा कायदा आहे. शेवटी मेफिस्टोफेलिस एका उंदराला बोलावतो, ताऱ्याच्या टोकाला तेलाचे बोट लावतो आणि उंदराकडून ते कुरतडून घेतो. केसाएवढी फट, एक थेंब तेल आणि एक उंदीर एवढ्यावर हा प्रसंग उभा आहे. चिन्हाचा नियम आणि त्यातली पळवाट इतक्या थोड्या जागेत दाखवणारे दुसरे उदाहरण मला माहीत नाही.

अक्षरांपासूनही असे चिन्ह बनते. ‘अब्राकाडाब्रा’ आज जादूगाराच्या तोंडचा शब्द असला तरी मुळात तो तापावरचा ताईत होता. सेरेनस सामोनिकस याच्या नावावर असलेल्या लॅटिन वैद्यकीय काव्यात त्याची कृती दिली आहे. शब्द पुन्हा पुन्हा एकाखाली एक लिहायचा, दर ओळीला एक अक्षर गाळायचे, शेवटी एकच अक्षर उरू द्यायचे आणि तो कागद जवसाच्या दोऱ्याने गळ्यात बांधायचा. रोमन लिपीत हा शब्द ११ अक्षरांचा, त्यामुळे ११ ओळींचा, खाली निमुळता होत जाणारा त्रिकोण तयार होतो. शब्द जसा झिजतो तसा ताप उतरेल, ही त्यामागची समजूत त्या आकारातच दिसते.

उत्तर युरोपातल्या रून अक्षरांबद्दल मात्र लोकांचा बराच गैरसमज आहे. जुन्या रूनमालेत २४ अक्षरे होती. ‘रून’ या शब्दाला ‘गुपित’ असा अर्थ असला, तरी ही लिपी रोजच्या वापरातलीही होती. डेन्मार्कमध्ये व्हीमोसा येथे मिळालेल्या, इ. स. १६०च्या सुमाराच्या एका फणीवर ‘हार्या’ एवढेच, बहुधा कोणाचे तरी नाव, कोरलेले आहे. आठ फांद्यांचे ‘वेगविसिर’ हे दिशादर्शक चिन्ह सर्रास व्हायकिंग म्हणून खपवले जाते. प्रत्यक्षात त्याचा आधार १८६०च्या एका आइसलँडी हस्तलिखितात आहे, म्हणजे व्हायकिंग काळ संपून जवळजवळ ८०० वर्षे झाल्यानंतरचा. हे चिन्ह जवळ असले तर वादळात, अनोळखी मुलखातही वाट चुकत नाही, असे त्यात म्हटले आहे. काल्पनिक जग रचणाऱ्याने ते खुशाल वापरावे, पण त्याला प्राचीन म्हणू नये.

चिन्हाला काळाची अट घालण्याचा उत्तम नमुना टोल्किनच्या ‘द हॉबिट’मध्ये (१९३७) आहे. तिथल्या नकाशावर जुन्या इंग्रजी रूनांवर बेतलेली साधी अक्षरे आहेत, शिवाय ‘चंद्राक्षरे’ही आहेत. नुसते पाहून ती दिसत नाहीत, त्यांच्या मागून चंद्रप्रकाश यावा लागतो. काही चंद्राक्षरांना तर तेवढेही पुरत नाही : ती लिहिली त्या दिवशी चंद्राची जी कला होती आणि जो ऋतू होता, तोच योग पुन्हा यावा लागतो. नकाशा बाळगणाऱ्यांच्या हाती तो आधीपासून असतो, पण ही अक्षरे त्यांना दिसलेली नसतात. त्यांचा ज्ञानी यजमान एल्रॉन्ड तो चंद्रकोरीसमोर धरतो तेव्हा उन्हाळ्याच्या मध्याची रात्र असते, आणि कागदावर चंदेरी अक्षरे उमटतात.