पार्श्वभूमी : जुन्या वेबकॅमच्या दंतकथा आणि पुसली गेलेली चित्रे

‘१९९१ मध्ये केंब्रिजच्या कॉफीच्या भांड्याचे इंटरनेटवरून थेट प्रक्षेपण झाले’ हे वाक्य आजही सर्रास फिरते. त्यातले साल बरोबर आहे आणि भांडेही खरे आहे, पण प्रक्षेपण तसे झाले नव्हते.

केंब्रिज विद्यापीठाच्या संगणक प्रयोगशाळेत ‘ट्रोजन रूम’ नावाच्या खोलीबाहेर कॉफीचे एकच यंत्र होते. इतर मजल्यांवरच्या संशोधकांना जिने चढून-उतरून गेल्यावर भांडे रिकामे दिसायचे. १९९१ मध्ये प्रयोगशाळेतल्या लोखंडी स्टँडला कॅमेरा बांधून त्याची वायर एकॉर्न आर्किमिडीज संगणकातल्या, चित्र टिपणाऱ्या कार्डाला जोडली गेली. चित्रे पाठवणारा प्रोग्रॅम पॉल जार्डेट्स्की यांनी लिहिला आणि ती दाखवणारा ‘एक्सकॉफी’ क्वेंटिन स्टॅफर्ड-फ्रेझर यांनी. चित्र १२८ बाय १२८ बिंदूंचे, कृष्णधवल, मिनिटाला साधारण तीनदा बदलणारे. भांडे सावकाश भरते, त्यामुळे तेवढे पुरायचे. हे सगळे प्रयोगशाळेच्या अंतर्गत नेटवर्कपुरते होते. वेबवर ते चित्र आले नोव्हेंबर १९९३ मध्ये, डॅनियल गॉर्डन आणि मार्टिन जॉन्सन यांच्यामुळे. ब्राउझरमध्ये तोवर चित्रे दिसू लागली होती, म्हणूनच ते जमले.

पुढच्या बहुतेक ‘लाइव्ह’ कॅमेऱ्यांची घडण अशीच, म्हणजे एकामागून एक येणाऱ्या स्थिर चित्रांची. २८.८ केबीपीएसचा (सेकंदाला २८,८०० बिट) मोडेम, म्हणजे फोनच्या तारेवरून संगणक जोडणारे यंत्र, सेकंदाला जास्तीत जास्त ३,६०० बाइट वाहतो, त्यामुळे १५ केबीची एक जेपेग (चित्राची फाइल) यायलाच चार-पाच सेकंद जात. जेनिफर रिंगली यांनी एप्रिल १९९६ मध्ये अमेरिकेतल्या डिकिन्सन कॉलेजच्या वसतिगृहातून सुरू केलेला ‘जेनीकॅम’ लोकांना चोवीस तासांचा व्हिडिओ म्हणून आठवतो, पण तिथेही काही मिनिटांनी एक नवे चित्र येत असे. मधल्या वेळात काय घडले असेल, याचा अंदाज बघणारेच बांधायचे आणि त्यावर एकमेकांशी बोलायचे. माझ्या मते या मंडळींना बांधून ठेवणारी खरी गोष्ट ही मधली रिकामी जागाच होती.

हलते चित्र हवे असेल तर कॉर्नेल विद्यापीठाचे ‘सी-यू-सी-मी’ हे सॉफ्टवेअर होते, १९९२ पासून मॅकिंटॉशवर. प्रत्येकजण आपले चित्र ‘रिफ्लेक्टर’ नावाच्या सर्व्हरला पाठवी आणि तो सगळ्यांना प्रती वाटे. १६० बाय १२० बिंदू, करड्या रंगाच्या १६ छटा, म्हणजे पूर्ण चित्र ९,६०० बाइटचे. ते पुन्हापुन्हा पाठवणे मोडेमला झेपत नसे, म्हणून आठ बाय आठ बिंदूंचे जे चौकोन बदलले तेवढेच जात. वाटेत एखादे पॅकेट (माहितीचा तुकडा) हरवले की तिथला जुना चौकोन तसाच राही : माणूस उठून गेलेला, पण त्याच्या गालाचा तुकडा भिंतीवर चिकटलेला. त्या काळी पडद्यावर दिसलेल्या ‘भुतांच्या’ चित्रांमागे बऱ्याचदा हेच कारण असावे.

घरून कॅमेरा चालवणारे दर काही मिनिटांनी नवे चित्र एफटीपीने (फाइल पाठवण्याच्या एका पद्धतीने) सर्व्हरवर चढवत, त्याच फाइलनावाने. चढवणे चालू असताना कुणी पान उघडले तर वरचा अर्धा भाग दिसे आणि खाली करडा पट्टा. उपाय म्हणजे आधी तात्पुरत्या नावाने फाइल चढवायची आणि पूर्ण झाल्यावर नाव बदलायचे. दुसरी डोकेदुखी कॅशची, म्हणजे एकदा आलेली फाइल साठवून ठेवण्याची. ब्राउझर किंवा मधला प्रॉक्सी सर्व्हर जुनेच चित्र दाखवत राही, म्हणून पत्ता नवा वाटावा यासाठी त्याच्या शेवटी प्रश्नचिन्ह लावून दरवेळी वेगळा आकडा जोडत. चित्राच्या कोपऱ्यात वेळ छापायचे कारणही व्यावहारिक होते. आकडा पुढे सरकला नाही, तर कॅमेरा अडकला हे लगेच कळे.

दंतकथांचे मूळ या एकाच फाइलनावात आहे, असे मला ठामपणे वाटते. नवे चित्र आले की जुने पुसले जाई. डिस्कची जागा महाग होती, त्यामुळे प्रती ठेवायचा विचार फार थोड्यांनी केला. जुनी वेबपाने दाखवणारे ‘वेबॅक मशीन’ चालवणाऱ्या इंटरनेट आर्काइव्हने १९९६ पासून पाने टिपली खरी, पण कॅमेऱ्याच्या पानावरचे चित्र त्यात क्वचितच सापडते. पुरावा नसला की आठवण हवी तशी वाढते.

कॉफी कॅमेऱ्याच्या नशिबी तसे आले नाही. प्रयोगशाळा नव्या इमारतीत हलणार म्हणून २२ ऑगस्ट २००१ रोजी तो बंद झाला. स्विच दाबणारी बोटे दिसणारे त्याचे शेवटचे चित्र जपले गेले. भांडे ई-बे या लिलावाच्या संकेतस्थळावर ३,३५० पौंडांना जर्मनीच्या ‘श्पीगल ऑनलाइन’ या बातम्यांच्या संकेतस्थळाने घेतले आणि पुढे ते पाडरबॉर्नच्या हाइंझ निक्सडॉर्फ संग्रहालयात गेले. ‘जेनीकॅम’ २००३ च्या अखेरीस थांबला. सॅन फ्रान्सिस्कोचा १९९४ पासूनचा ‘फॉगकॅम’ ऑगस्ट २०१९ मध्ये बंद होणार होता, पण तिथल्या स्टेट युनिव्हर्सिटीने तो चालू ठेवायची जबाबदारी घेतली.