मंडईतला टिळक पुतळा आणि न झालेला फुले पुतळा

अनंत चतुर्दशीच्या सकाळी पुण्याची विसर्जन मिरवणूक मंडईतल्या टिळक पुतळ्यापासून निघते. आधी लोकमान्यांना हार घातला जातो, मग मानाच्या पहिल्या कसबा गणपतीची पालखी पुढे सरकते. गर्दीत उभ्या असलेल्या माणसाला समोर पुतळा टिळकांचा दिसतो आणि मागच्या दगडी मंडईला नाव असते महात्मा फुल्यांचे. ही दोन नावे इथे एकत्र आली ती सहजासहजी नाही. त्यामागे एक मोठे भांडण आहे आणि ते माहीत असल्याशिवाय हा पुतळा नीट कळत नाही, असे मला वाटते.

सुरुवात मंडईपासूनच करावी लागते. पूर्वी पुण्याचा भाजीबाजार शनिवारवाड्यासमोरच्या पटांगणात उघड्यावर भरायचा. तो हलवून शुक्रवार पेठेत पक्की इमारत बांधायचा घाट नगरपालिकेने घातला. जोतीराव फुले १८७६ पासून काही वर्षे नगरपालिकेचे सदस्य होते. एवढा पैसा इमारतीत घालण्यापेक्षा गोरगरिबांच्या शिक्षणावर खर्च करा, असे त्यांचे म्हणणे होते. ते कोणी ऐकले नाही. १८८६ मध्ये बाजार उघडला आणि त्याला गव्हर्नर लॉर्ड रे यांचे नाव मिळाले : रे मार्केट.

त्या काळी भर चौकात पुतळे उभे राहत ते राणीचे आणि साहेबांचे. मुंबईतल्या व्हिक्टोरिया राणीच्या संगमरवरी पुतळ्याला १८९६ मध्ये चापेकर बंधूंनी डांबर फासले, ते याच रागातून. पुतळा म्हणजे सत्तेची खूण, हे तेव्हा सगळ्यांनाच कळत होते. म्हणून १ ऑगस्ट १९२० रोजी टिळक गेल्यावर त्यांचा पुतळा नगरपालिकेने, गावाच्या ऐन मध्यावर उभारणे ही इंग्रज सरकारला दाखवून देण्याची गोष्ट होती. आमच्या शहराचा मानकरी कोण हे आम्ही ठरवू, असा त्याचा अर्थ होता.

नगरपालिकेची सूत्रे तेव्हा टिळकांचे निकटचे सहकारी न. चिं. केळकर यांच्या गटाकडे होती. अनावरणाला बोलावले मोतीलाल नेहरूंना. त्यांनी आणि चित्तरंजन दास यांनी १९२३ मध्ये स्वराज्य पक्ष काढला होता आणि केळकर त्याच पक्षाचे. तारीख होती २२ जुलै १९२४. बरोबर सोळा वर्षांपूर्वी, २२ जुलै १९०८ च्या रात्री, मुंबईच्या हायकोर्टात टिळकांना राजद्रोहाबद्दल सहा वर्षांची शिक्षा सुनावली गेली होती.

पण सगळे पुणे या समारंभात नव्हते. त्याच शुक्रवार पेठेत जेधे मॅन्शन आहे. तिथे केशवराव जेधे आणि दिनकरराव जवळकर हे तरुण ब्राह्मणेतर चळवळ चालवत होते. गणेशोत्सवात त्यांचा छत्रपती मेळा निघायचा आणि त्याच्या पदांनी सदाशिव-नारायण पेठेत खळबळ उडायची. त्यांचा प्रश्न साधा होता : ज्यांनी वेदोक्त प्रकरणात, म्हणजे शाहू महाराजांच्या घरचे विधी वेदमंत्रांनी व्हावेत की नाही या वादात, महाराजांविरुद्ध भूमिका घेतली, ज्यांनी १९१७ मध्ये अथणीच्या सभेत कुणब्या-तेल्या-तांबोळ्यांना कौन्सिलात, म्हणजे कायदेमंडळात, जाऊन काय करायचे आहे अशा अर्थाचे उद्गार काढले, त्यांचा पुतळा सगळ्यांच्या पैशाने का? टिळकांचे मोठेपण मानूनही हा प्रश्न खोटा ठरत नाही. मंडालेच्या तुरुंगात सहा वर्षे काढणारा माणूसही तोच आणि अथणीला बोलणाराही तोच.

नगरपालिकेत निवडून आलेल्या जेध्यांनी १९२५ मध्ये फुल्यांच्या पुतळ्याचा ठराव आणला. ज्या माणसाने १८४८ मध्ये याच शहरात मुलींची शाळा काढली, त्याच्यासाठी जागा मागितली जात होती. ठराव फेटाळला गेला. माझ्या मते या साऱ्या प्रकरणातली सर्वांत मोठी चूक हीच. टिळकांचा पुतळा उभा राहिला यात अन्याय नव्हता. शेजारी फुल्यांना जागा नाकारली, यात होता.

त्याच वर्षी वाद चिघळला. जवळकरांचे ‘देशाचे दुश्मन’ हे पुस्तक निघाले आणि त्यात टिळक व विष्णुशास्त्री चिपळूणकर यांच्यावर अत्यंत जहाल टीका होती. अब्रुनुकसानीचा खटला झाला. खालच्या कोर्टात जवळकर, जेधे आणि त्यांच्या सहकाऱ्यांना शिक्षा झाल्या. अपिलात त्यांचे वकीलपत्र घेतले डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी, आणि १९२६ मध्ये सगळे सुटले. वकिली नुकतीच सुरू केलेल्या आंबेडकरांच्या सुरुवातीच्या गाजलेल्या खटल्यांपैकी हा एक.

पुढे चित्र बदलले. १९३० च्या दशकात जेधे काँग्रेसमध्ये आले आणि काकासाहेब गाडगीळ यांच्याबरोबर त्यांनी महाराष्ट्रात काँग्रेस खेड्यापाड्यांत नेली. एकेकाळी टिळक पुतळ्याला विरोध करणारा माणूस स्वराज्याच्या लढ्याचा बिनीचा नेता झाला. त्यासाठी फुल्यांना सोडण्याची गरज त्यांना पडली नाही.

त्या दशकाच्या अखेरीस आचार्य अत्रे नगरपालिकेत होते. त्यांनी पुढाकार घेतला आणि रे मार्केटवरचे गव्हर्नरसाहेबांचे नाव गेले. ज्या इमारतीच्या खर्चाला जोतीरावांनी विरोध केला होता, त्याच इमारतीवर, टिळकांच्या पुतळ्यामागे, जोतीरावांचे नाव लागले.