जांभळाचा रस आणि जर्मनीतली काळी फळं

गेल्या ऑगस्टमध्ये जर्मनीत शिकणाऱ्या भाचीने फोटो पाठवला. ओढ्याकाठच्या झुडपावर काळ्याभोर, वाटाण्याहून लहान फळांचे घोस लटकले होते. खाली तिने लिहिलं होतं, ‘मावशी, रंग अगदी आपल्या जांभळासारखा सुटतोय. इथे सगळे याचा रस करतात. मिक्सरमधून काढून गाळला की झालं ना?’ मी मेसेज टाइप करत बसले नाही, सरळ फोन लावला. कच्चा पिऊ नकोस, हे आधी सांगितलं.

ती एल्डरबेरी होती. या झाडाच्या पानांत, देठांत आणि कच्च्या फळांत सांबुनिग्रिन नावाचं द्रव्य असतं. त्यात सायनाइड साखरेच्या रेणूला बांधलेलं असतं. हे द्रव्य आणि ते तोडणारं एन्झाइम पेशीत वेगवेगळ्या कप्प्यांत राहतात, तोवर काही होत नाही. पाला किंवा फळ ठेचलं की दोघांची गाठ पडते आणि हायड्रोजन सायनाइड सुटू लागतं. कोवळी ज्वारी खाऊन गुरं दगावतात, त्यामागेही असंच द्रव्य असतं. ऑगस्ट 1983 मध्ये कॅलिफोर्नियातल्या एका मेळाव्यात लोकांनी पाना-देठांसकट ठेचलेल्या एल्डरबेरीचा रस प्यायला. थोड्याच वेळात मळमळ, उलट्या, चक्कर सुरू झाली आणि आठ जणांना हेलिकॉप्टरने रुग्णालयात न्यावं लागलं.

उपाय आहे तो आचेचा. हायड्रोजन सायनाइड साधारण 26 अंशांनाच उकळतं, म्हणजे मे महिन्यात आपल्या मुंबईतल्या खोलीत असते त्याहूनही कमी तापमानाला. म्हणून तिकडे फळं देठांवरून नीट सोडवतात, कच्ची हिरवी वेचून टाकतात आणि उघड्या पातेल्यात चांगली उकळतात. भाचीने तसंच केलं.

आपल्याकडे एल्डरबेरीच्या गोळ्या आणि सिरप महागड्या डब्यांतून विकायला येतात, ते बघून मला वाईट वाटतं. कारण ज्या रंगाची एवढी जाहिरात होते त्या अँथोसायनिन कुळातला रंग जूनमध्ये स्टेशनबाहेर टोपलीत असतो, आणि तो कच्चा खायलाही पिढ्यान्‌पिढ्या कुणी घाबरलेलं नाही.

गोरेगावला आरेच्या पाड्यांवरच्या बायका जांभळं घेऊन बसतात. मी ज्या मावशींकडून घेते, त्या खाली जुनी साडी धरून फांदी हलवतात, म्हणून फळ मातीत पडत नाही. सोसायटीत झाड असेल तर हीच पद्धत वापरा. वर मात्र चढू नका, जांभळाची फांदी ठिसूळ असते. रस्त्यावर पडलेली उचलू नका. पावसात तिथे घुशी-उंदरांचा वावर असतो. वटवाघळाचा दात किंवा पाखराची चोच लागलेलं फळही टाकून द्या. आणि राष्ट्रीय उद्यानातून काही तोडून आणायचं नाही. तिथलं फळ तिथल्या जीवांचं.

एक जांभूळ बोटांनी फोडून बघा. साल काळसर, आतला गर मात्र फिकट. रंगाचा मोठा साठा सालीत असतो, त्यामुळे साल फेकून केलेला रस म्हणजे निम्मा रस. आता दोन वाट्यांत चमचाभर रस घ्या. एकीत लिंबाचे चार थेंब पिळा, रस लालबुंद होतो. दुसरीत चिमूटभर खाण्याचा सोडा टाका, तो निळसर आणि मग हिरवटही होतो. अँथोसायनिनचा रेणू आम्लात एका रूपात असतो आणि आम्ल कमी झालं की रूप बदलतो. शर्टावरचा डाग साबण लावताच निळा पडतो तो यामुळेच. फळ आंबट आणि आपली लाळ जवळपास उदासीन, म्हणून जीभ लाल न होता जांभळी होते. मुलांना हे स्वयंपाकघरातच दाखवा, हळदीच्या डागाइतकंच लक्षात राहील.

रसाची पद्धत या रंगावरूनच ठरते. अर्धा किलो पिकलेली जांभळं धुऊन स्टीलच्या पातेल्यात घ्या. लोखंडाचं भांडं नको. फळातलं तुरट द्रव्य, म्हणजे टॅनिन, आणि लोह एकत्र आले की काळी शाई तयार होते, पूर्वी लिहायची शाई अशीच करत. अर्धी वाटी पाणी घालून हाताने कुस्करा. मिक्सर टाळा, बी फुटली की तिचं टॅनिन रसात उतरतं. तोंडाला बसणारी मिठी म्हणजे तेच टॅनिन लाळेतल्या प्रथिनांना चिकटणं. आता मंद आच. कडेला बारीक बुडबुडे दिसू लागले की चार-पाच मिनिटं थांबा आणि उतरवा. एवढ्या उष्णतेने साल रंग सोडते आणि रस तपकिरी करणारी एन्झाइम निकामी होतात. खळखळ उकळत ठेवलं तर रंगाचेच रेणू मोडतात. एल्डरबेरी आणि जांभूळ यांच्या कृतीत फरक पडतो तो इथे. तिथे विष घालवायला भरपूर आच हवी, इथे रंग राखायला बेताची. पंचातून गाळा, अर्धं लिंबू पिळा आणि गार झाल्यावर फ्रिजमध्ये ठेवा.

बाहेर ठेवू नका. न तापवलेला रस मी एकदा रात्रभर ओट्यावर ठेवला होता. सकाळी झाकण फुगलेलं, उघडताच फेस आणि ताडीसारखा वास. सालीवरच्या यीस्टला आपली दमट हवा फार मानवते. फ्रिजमध्ये तीन-चार दिवस, त्याहून जास्त ठेवायचा तर बर्फाच्या ट्रेमध्ये गोठवा.

आता तब्येतीचं. 100 ग्रॅम जांभळात साधारण 15 ग्रॅम कर्बोदकं असतात. गाळताना बराचसा तंतुमय भाग चोथ्यात जातो आणि साखर रसात राहते. जागतिक आरोग्य संघटना फळांच्या रसातली साखरही वरून घातलेल्या साखरेतच मोजते. तेव्हा लहान पेला, बिनसाखरेचा, चिमूटभर मीठ आणि जिरेपूड घालून पुरे. मधुमेह असेल तर रसापेक्षा मोजकी आख्खी जांभळं बरी. बियांच्या पुडीवर प्राण्यांमध्ये बरेच प्रयोग झाले आहेत, पण तिच्या भरवशावर गोळ्या बंद करणारी माणसं मी पाहिली आहेत आणि मला त्यांची काळजी वाटते. डॉक्टरांना विचारल्याशिवाय ती घेऊ नका, गोळ्यांसोबत साखर फार उतरू शकते. अँथोसायनिनही प्यायलं की थेट रक्तात जात नाही. फार थोडं शोषलं जातं, उरलेलं आतड्यातले जिवाणू मोडून त्यापासून दुसरी द्रव्यं बनवतात.

चोथा टाकताना बिया वेगळ्या काढा. त्या वाळवून ठेवल्या तर मरतात, लगेच मातीत लावाव्या लागतात. दुधाच्या पिशवीत माती भरून खिडकीत ठेवल्या की काही बियांतून एकाऐवजी दोन-तीन कोंब वर येतात. माझ्या खिडकीत आत्ता अशा सहा पिशव्या आहेत.