उसाच्या फडातलं गणित आणि शाळेचं वर्ष

ब्राझीलमधल्या रेसिफे शहरात काही संशोधक गिऱ्हाईक बनून बाजारात फिरले. नारळ, लिंबं विकणाऱ्या पोरांना त्यांनी भाव विचारले. एक नारळ ३५ चा, तर दहाचे किती? बारा वर्षांच्या एका पोरानं तोंडी मांडलेला हिशोब असा होता: तीनचे १०५, आणखी तीनचे २१०, अजून चार पाहिजेत... ३१५... म्हणजे ३५०. पस्तिसापुढे शून्य द्यायचं त्याच्या मनातही आलं नाही, पण पैसे बरोबर झाले. बाजारात विचारलेल्या अशा हिशोबांपैकी ९८ टक्के बरोबर निघाले. पुढे त्याच मुलांना तीच आकडेमोड नुसत्या अंकांत, शाळेतल्या उदाहरणांसारखी घातली, तेव्हा हे प्रमाण ३७ टक्क्यांवर घसरलं. १९८५ साली प्रसिद्ध झालेला हा अभ्यास अवघ्या पाच मुलांचा आहे, त्यामुळे त्यावर फार भार टाकू नये. पण त्यातून निघणारा प्रश्न काही सुटत नाही. त्या पोराला गणित येतं की येत नाही? आणि ते ठरवायचं कोणी?

शिक्षणाचं तत्त्वज्ञान म्हटलं की आपल्याला सुविचारांचा फळा आठवतो. खरं तर ते शाळेच्या वेळापत्रकात, माध्यमात आणि कोणाचं उत्तर चूक धरायचं या निर्णयांत दडलेलं असतं. आणि हे सगळे निर्णय सत्तेनं घेतलेले असतात.

बीड जिल्ह्यातलं उदाहरण घ्या. दसरा-दिवाळीच्या सुमाराला तांडे, वाड्या-वस्त्या रिकाम्या व्हायला लागतात. मजूर नेणाऱ्या मुकादमाकडून आगाऊ उचल घेतलेली जोडपी, म्हणजे तिथल्या भाषेत एकेक ‘कोयता’, पश्चिम महाराष्ट्राच्या नाहीतर कर्नाटकाच्या साखर कारखान्यांकडे ऊसतोडीला निघतात. सोबत पोरंही. फडात त्यांना मोळी बांधता येते, किती मोळ्यांचा टन होतो याचा अंदाज येतो आणि उचल किती फिटली, किती राहिली याची घरातली चर्चा तर रोजच कानावर पडते. इकडे शाळेचं दुसरं सत्र नेमकं दिवाळीनंतर सुरू होतं आणि मजूर परततात तोवर ते संपत आलेलं असतं. जून ते एप्रिल हे वर्ष कोणी दुष्टाव्यानं आखलेलं नाही. पण ते आखताना कोयता कोणाच्या डोळ्यांसमोर नव्हता. कारखान्यांजवळ मजुरांच्या मुलांसाठी साखरशाळा निघाल्या, गावात राहणाऱ्या मुलांसाठी हंगामी वसतिगृहं आली. त्यांचा उपयोग नाही असं नाही. तरी ही ठिगळंच आहेत, कारण मूळ वर्षाला कोणी हात लावला नाही.

फ्रेंच समाजशास्त्रज्ञ पिएर बोर्द्यू यांनी या न दिसणाऱ्या गोष्टीला ‘सांस्कृतिक भांडवल’ म्हटलं. घरात प्रमाण भाषा, पुस्तकं, परीक्षेची सवय असलेलं मूल शाळेत येतं तेच पुढे असतं. शाळा हे भांडवल वाटत नाही, त्याची परीक्षा मात्र घेते आणि निकालाला ‘गुणवत्ता’ म्हणते. लातूर-नांदेडकडचं पोरगं वर्गात ‘मी जायलो’ म्हणतं तेव्हा बाई आधी त्याचं क्रियापद दुरुस्त करतात. तो कुठे आणि का चाललाय हे राहून जातं. असं दोन-चारदा झालं की पोरगं ‘कामून?’ विचारायचंही सोडतं. अभ्यासात ढ अशी नोंद व्हायला एवढं पुरतं.

भाषेच्या या दुखण्याचा मराठवाड्याला जुना अनुभव आहे. १९१८ साली हैदराबादेत उस्मानिया विद्यापीठ निघालं, तेही उर्दू माध्यमाचं. इंग्रजीऐवजी देशी भाषेतून आधुनिक विज्ञान आणि वैद्यक शिकवण्याचा तो धाडसी प्रयोग होता, हे मोकळेपणानं मान्य करायला हवं. पण मराठी, तेलुगू, कन्नड बोलणाऱ्या बहुसंख्य प्रजेला ती देशी भाषाही परकीच होती. तेव्हा हिप्परग्याची राष्ट्रीय शाळा, अंबाजोगाईची योगेश्वरी अशा खासगी मराठी शाळा हाच राजकारणाचा रस्ता झाला. या दोन्ही ठिकाणी शिकवणारे स्वामी रामानंद तीर्थ पुढे हैदराबाद मुक्तिसंग्रामाचे नेते झाले. १९३८ मध्ये उस्मानियाच्या वसतिगृहांत ‘वंदे मातरम्’ म्हणण्यावरून विद्यार्थ्यांना काढून टाकलं गेलं, तेव्हा त्यातल्या अनेकांना नागपूर विद्यापीठानं सामावून घेतलं.

निजामाचं राज्य गेलं तरी शाळेत कोण जाणार हा प्रश्न शिल्लक होताच. १९५० साली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीनं औरंगाबादेत महाविद्यालय काढलं, ज्याला पुढे मिलिंद हे नाव मिळालं. भिक्खू नागसेनाला एकामागून एक अवघड प्रश्न विचारणाऱ्या ग्रीक राजाचं हे नाव; परिसर झाला नागसेनवन. दलित मुलांसाठी उभारलेल्या संस्थेला आज्ञा पाळणाऱ्या शिष्याचं नाही, तर शंका काढणाऱ्याचं नाव देणं ही साधी निवड नव्हती. त्यामागे कोलंबिया विद्यापीठात बाबासाहेबांना शिकवणारे अमेरिकन तत्त्वज्ञ जॉन ड्युई उभे दिसतात. लोकशाही म्हणजे फक्त सरकार निवडण्याची पद्धत नव्हे, ती एकत्र जगण्याची आणि अनुभव वाटून घेण्याची रीत आहे, असं ड्युईंनी १९१६ मध्ये मांडलं होतं. अनुभवांची देवाणघेवाणच नसेल तर शिक्षणही अर्धंच. बाबासाहेबांनी ही मांडणी उचलली आणि जातीवर रोखली. जिथे पाणवठाच वेगळा, तिथे अनुभव वाटून घेणार कसला? माझ्या मते ड्युईंची त्यांच्या शिष्याइतकी कडक परीक्षा अमेरिकेतही कोणी घेतली नसेल. मिलिंदमधून शिकलेल्या पोरांनी पुढे मराठी साहित्याचा चेहरा बदलला. आणि मराठवाडा विद्यापीठाच्या पाटीवर बाबासाहेबांचं नाव यायला १९७८ चा विधिमंडळाचा ठराव, त्यानंतरची जाळपोळ आणि १४ जानेवारी १९९४ पर्यंतची वाट पाहावी लागली. शिक्षण राजकारणापासून दूर ठेवा, असं म्हणणाऱ्यांनी ही सोळा वर्षं एकदा नजरेखालून घालावीत.

पुन्हा ब्राझीलला जाऊ, कारण रेसिफेतच जन्मलेले शिक्षणतज्ज्ञ पाउलो फ्रेरे यांनी हा गुंता सर्वांत उघडा केला. १९६३ मध्ये अंगिकोस या कोरडवाहू, दुष्काळी भागातल्या गावात त्यांच्या गटानं सुमारे ३०० प्रौढांना ४० तासांत लिहा-वाचायला शिकवलं. सुरुवात बाराखडीनं नव्हती. लोकांच्या तोंडचे कामाचे शब्द गोळा करायचे, त्यांवर गप्पा करायच्या आणि मग तेच शब्द फोडून नवे जुळवायचे, अशी ती पद्धत. ‘वीट’ लिहिता लिहिता वीट कोण थापतं आणि घर कोणाचं होतं, हे बोलणं निघणारच. पुढच्याच वर्षी लष्करानं सत्ता घेतली आणि फ्रेरे तुरुंगात गेले, मग देशाबाहेर. अक्षरं शिकवणाऱ्याची एवढी भीती का? तिथे निरक्षराला मत नव्हतं. साक्षर झालेला प्रत्येक शेतमजूर म्हणजे यादीत एक नवा मतदार. निरक्षरांना तिथे मताचा हक्क मिळाला तो १९८५ साली.

आपल्याकडे क्रम उलटा लागला. १९५१-५२ च्या पहिल्या निवडणुकीत अंगठा उठवणाऱ्यालाही मत होतं, आणि ही आपल्या राज्यघटनेची मोठीच कमाई. पण त्याच घटनेनं चौदा वर्षांपर्यंतच्या मुलांना दहा वर्षांत मोफत व सक्तीचं शिक्षण द्यायचं म्हटलं, ते मार्गदर्शक तत्त्वांत, म्हणजे कोर्टात मागता न येणाऱ्या यादीत. सहा ते चौदा वयोगटाला शिक्षणाचा हक्क प्रत्यक्ष लागू व्हायला १ एप्रिल २०१० उजाडला. मजुराला साक्षर केल्यानं मत वाढत नाही आणि न केल्यानं कमी होत नाही, त्यामुळे त्याच्या पोराच्या शाळेची घाई कोणत्याच पक्षाला कधी वाटली नाही. निवडणूक गळिताच्या हंगामात आली की मतदारांना फडावरून गावी आणायला गाड्यांची सोय होते. शाळेचं सत्र सुरू होतं त्या दिवशी अशी गाडी पाठवायचं कोणाच्या अंदाजपत्रकात नसतं.